मक्ता नसलेला मक्तेदार

भाषांतर करणाऱ्या माणसाला "तुम्ही काय करता?" असे कुणी विचारले की त्याची पंचाईत होते. सुताराला पाट दाखवता येतो, सोनाराला पाटल्या. आम्ही दाखवायचे काय? लिहिलेले चांगले वठले तर ते मूळ लेखकाचे, आणि बिघडले तर आमचे. हा उद्योग मी जवळजवळ सारी हयात केला. दरबारच्या कचेरीत केला, छापखान्यात केला, शाळांच्या पुस्तकांवर केला. पण माझी पहिली नोकरी प्रोफेसरसाहेबांकडची. शब्द म्हणजे काय चीज असते ते मला तिथे कळले, आणि तेही पुस्तकात नव्हे, नदीच्या घाटावर. प्रोफेसरांच्या इंग्रजी पुस्तकात त्या प्रसंगावर एक छोटी तळटीप आहे. तळटिपेत माणसे मावत नाहीत, म्हणून बाकीचे मी लिहितो आहे.

मी मूळचा हातकणंगल्याकडचा. वडील पिंजारी, गावोगाव फिरून गाद्यांचा कापूस पिंजून द्यायचे. आमच्या घरात माझ्याआधी कुणी मराठी चौथीच्या पुढे गेलेले नव्हते. महाराजांनी कोल्हापुरात आमच्यासारख्या मुलांसाठी वसतिगृहे काढली नसती, तर माझ्याही खांद्यावर पिंजणच आले असते. बी.ए. झालो त्या दिवशी वडील पेढे घेऊन वसतिगृहावर आले. म्हणाले, "कशाचं शिकलास म्हनायचं?"

"अर्थशास्त्राचं."

"म्हंजे?"

"पैसा कसा येतो आणि कसा जातो, त्याचं."

"जातो कसा ते मला ठावं हाय. येतो कसा ते शिकलास न्हवं? मग झालं."

पैसा काही आला नाही, पण काम आले. आमचे प्रोफेसर अर्थशास्त्र शिकवत. अंगाने किडकिडीत, आवाजाने मोठे. ते मुंबई-मद्रासच्या मासिकांत इंग्रजीत लेख लिहीत, आणि ते सगळे लेख एकाच गोष्टीवर असत. ज्याला लोक नवे युग म्हणतात, कारखान्यांचे, आगगाड्यांचे, मोठ्या कंपन्यांचे, त्यात चढाओढ असते आणि चढाओढीमुळे गिऱ्हाइकाचे भले होते, असे पुस्तके सांगतात. प्रोफेसर म्हणत की हे अर्धेच खरे. चढाओढीत उतरलेल्याला चढाओढ आवडत नाही. ती जिंकून त्याला ती संपवायची असते. तो आधी माल स्वस्त करतो, लहान लोक बुडेपर्यंत स्वतः तोटा सोसतो आणि एकटा उरला की सगळा तोटा गिऱ्हाइकाकडून वसूल करतो. अमेरिकेतल्या राकेलवाल्यांनी हे कसे केले ते त्यांनी तपशिलाने मांडले होते.

एके दिवशी ते मला म्हणाले, "नदाफ, मद्रासच्या वकिलाला माझं लिहिणं कळतं आणि गुळाच्या पेठेतल्या माणसाला कळत नाही, याची मला लाज वाटते. तुम्ही मराठी करा." आपल्या खिशातून ते मला पगार देत. लेख गावातल्या एका साप्ताहिकात हप्त्याहप्त्याने छापून येत.

भाषांतर कसे करतात असे मला पुष्कळजण विचारतात. माझी रीत साधी होती. वाक्य वाचायचे, पुस्तक मिटायचे, आणि समोर वडील बसले आहेत असे समजून ते सांगायचे. त्यांनी "म्हंजे?" विचारले असते असे वाटले की पुन्हा सांगायचे. वाक्ये अशी जुळत. शब्द मात्र दगा देत. मोठ्या कंपन्या संगनमताने एकत्र आल्या की त्या जुटीला इंग्रजीत ट्रस्ट म्हणतात. मी तो शब्द तसाच ठेवला. दुसऱ्याच आठवड्यात एका धर्मशाळेचे विश्वस्त, पागोटे सरळ करत, छापखान्यात हजर. "आम्ही चार माणसं पदरमोड करून ट्रस्ट चालवतो, आणि तुम्ही लिहिता ट्रस्ट म्हणजे लुटारूंची टोळी? ट्रस्ट म्हणजे विश्वास हो! विश्वासाविरुद्ध लिहिता?" त्यांना चहा पाजून, राकेलची सगळी हकीकत सांगून परत पाठवले. पुढच्या अंकापासून 'जूट' लिहू लागलो.

मग मुख्य शब्द आला. मोनोपोलीला काय म्हणायचे? मी 'एकाधिकार' सुचवला. प्रोफेसर म्हणाले, "हा शब्द कीर्तनातला वाटतो. एकट्यालाच हक्क दिला तर आपल्याकडे त्याला काय म्हणतात?"

"मक्ता. दारूचा मक्ता, बाजारपट्टीचा मक्ता, नावेचा मक्ता."

"मग मक्तेदारी लिहा. लोकांच्या तोंडातला शब्द आहे. कुणाला समजावून सांगावा लागणार नाही."

आणि खरोखरच कुणाला समजावून सांगावा लागला नाही. लेखाला मथळा दिला, 'मक्तेदारी कशी माजते आणि कशी मोडावी'. आठवड्याभरात माझ्या खोलीवर तीन माणसे आली. पुढे होते ते अण्णा पाटील, पंचगंगेपलीकडच्या एका गावचे. गावाचे नाव लिहीत नाही, तिथे अजून माझी ऊठबस आहे.

"राम राम मास्तर. ते मक्तेदारीचं तुमीच लिवलंय न्हवं?"

"लिहिलं प्रोफेसरांनी. मी मराठी केलं."

"त्येच ते. तालमीत दोन येळा वाचून घेतलं. पोरं अशी पेटल्यात म्हनून सांगू! जसं काय आमच्या सख्या भोयावरच बेतून लिवलंय."

"कोण सख्या भोई?"

तिघेही एकदम बोलू लागले. त्यांच्या गावाजवळ नदीला बारमाही डोह आहे, त्यामुळे पलीकडे जायला नावेशिवाय इलाज नाही. ही नाव चालवण्याचा दरबारचा मक्ता सखाराम भोयाकडे होता, त्याआधी त्याच्या बापाकडे. गावकऱ्यांनी सुगीत त्याला धान्याचे बलुते द्यायचे आणि वर्षभर फुकट जायचे. परगावच्या माणसाने ठरलेला दर मोजायचा. टपालाची थैली आणि अडलेल्या बाईसाठी निघालेली सुईण यांना कधीही नाही म्हणायचे नाही, ही दरबारची अट. अट तो पाळत होता. पण बाकी सगळे त्याच्या मर्जीवर. मनात आले की नाव सोडायचा, नाही आले तर चिलीम ओढत बसायचा.

"आनि तोंड कसलं म्हाईत हाय?" पाटील म्हणाले. "माझी सासू परवा नावंत बसली. तर म्हनतोय, 'म्हातारे, मधी सरक, नाव कलती हुतीया.' माझी सासू, मास्तर!"

बाकीचे दोघे खाली बघून मिशीत हसत होते. मी सांगण्याचा प्रयत्न केला की लेख अमेरिकेतल्या राकेलच्या कंपन्यांवर आहे.

"आमेरिका लांब हाय की," पाटील म्हणाले. "सख्या जवळ हाय."

मी हे प्रोफेसरांना सांगितले. ते पोट धरून हसले, आणि मग गंभीर होऊन म्हणाले, "पण तत्त्व तेच आहे, नदाफ. हक्क एकट्याचा असला की माणूस उर्मट होतो. नाव सर्वांना मोकळी झाली तर बिघडलं काय?" मलाही ते पटले. गावाने कचेरीत अर्ज केला. मामलेदार नव्या मताचे गृहस्थ होते. मक्त्याची मुदत संपली तेव्हा त्यांनी तो पुन्हा दिला नाही. ज्याला हवी त्याने नाव घालावी असा हुकूम काढला.

पहिले काही दिवस मी विसरणार नाही. सखारामाच्या नावेशेजारी आणखी दोघांनी नावा घातल्या. घाटावर जत्रेसारखा गलका. "पावणं, हिकडं या! घोंगडं आंथरलंय!" "आमच्या नावंत या पावणं, पानी शिवायचं न्हाय पायाला!" दर उतरले आणि गावाने सखारामाचे बलुते बंद केले. सखारामसुद्धा 'या' म्हणायला शिकला. ते म्हणताना त्याचा चेहरा दात दुखत असल्यासारखा व्हायचा. प्रोफेसर सुट्टीच्या दिवशी मला घेऊन मुद्दाम घाटावर जात आणि एकदा एका, एकदा दुसऱ्या नावेतून उगाच पलीकडे जाऊन येत. पुस्तकात वाचलेले डोळ्यांनी बघायला मिळाले की मास्तर मंडळींना जो आनंद होतो, तो त्यांना झाला होता.

मग एक चौथी नाव आली. दोन नावा जोडून वर फळ्या ठोकलेली, भरलेली बैलगाडी सहज उभी राहील एवढी मोठी. ती होती बाबूराव अडत्यांची. गुळाच्या पेठेत शेतकऱ्याचा गूळ विकून देणाऱ्याला अडत्या म्हणतात. त्यात बाबूराव मोठे. स्वभावाने गोड, आमच्या साप्ताहिकाचे वर्गणीदार. त्यांचा नावाडी प्रत्येकाला हात जोडून म्हणे, "बसा. मालकांनी पैसं घ्याचं न्हाय म्हनून सांगितलंय."

प्रोफेसर त्या नावेतून पलीकडे उतरले आणि थांबून राहिले. म्हणाले, "नदाफ, हा आपला तिसरा हप्ता आहे, राकेलवाल्यांचा."

तो तिसरा हप्ताच होता, ओळीला ओळ लावून घ्यावी असा. फुकटची नाव सोडून कोण दुसरीकडे बसेल? दोघा नव्या नावाड्यांनी थोडे दिवस काढले आणि आपल्या नावा बाबूरावांनाच विकल्या. सखाराम विकायला तयार नव्हता. त्याने नाव वाळूवर ओढून पालथी घातली आणि तिच्या सावलीत बसून राहू लागला. गुऱ्हाळे सुरू झाली, गुळाच्या गाड्या घाटावर येऊ लागल्या, तेव्हा बाबूरावांच्या नावेला दर लागला, आणि तो सखारामाच्या वेळच्या दराहून बराच चढा होता. एवढ्यावर भागले असते तरी लोकांनी सोसले असते. पण ज्याचा गूळ बाबूरावांच्या अडतीला जाणार, त्याची गाडी आधी. बाकीच्यांच्या गाड्या काठावर थांबून. नदीकाठच्या दमट हवेत गुळाला पाणी सुटते. सुटलेला गूळ पेठेत कुणी हाती धरत नाही. तेव्हा एकेकजण मुकाट्याने "गूळ तुमच्याकडंच घालतो" म्हणू लागला. बाबूराव कुणाला जबरदस्ती करत नव्हते. नावेकडे बोट दाखवून नुसते हसत.

एका सकाळी सखाराम भोई माझ्या दारात उभा राहिला. मी त्याला तोवर घाटावरच पाहिले होते. आत ये म्हटले तरी आला नाही.

"मास्तर, तुमी म्हनं जो एकटाच सगळं बळकावतो त्याच्यावर लिवतासा."

"हो."

"मग आता का गप? आता त्यो एकटाच हाय. माझ्या येळंला सगळा गाव शाना झालता. आता कुनाच्या तोंडाला भाषा न्हाय."

"कचेरीत जाऊ या," मी म्हणालो.

"जाऊया तर. न्हाय जमलं तर सांगा, मी नाव फोडून सरपनाला घालतो. दुसरं काय येतंय मला? जमीन न्हाय, जुमला न्हाय. नाव तेवढी वल्हवाया येतिया, आनि बोलाया येतंय."

"बोलण्यानंच घात केला तुझा."

"व्हय," तो म्हणाला. "पर बोललो त्यात खोटं काय हुतं? म्हातारी जड हायच की."

त्याच दिवशी आम्ही मामलेदारांकडे गेलो. त्यांनी सगळे शांतपणे ऐकून घेतले. मी म्हणालो, "साहेब, ही बाबूरावांची मक्तेदारी झाली." त्यावर त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"नदाफ, तुम्ही शिकलेले आहात. बाबूरावांकडे मक्ता आहे का?"

"नाही."

"घाटावर कुणाचाही मक्ता आहे का?"

"नाही. आपणच तो बंद केला."

"मग मक्ताच नाही, तर मक्तेदार कुठून आला? नाव घालायला कुणाला बंदी आहे का? ह्या भोयाला आहे का? नाही ना? मग तक्रार कशाची?"

मराठीच्या हिशेबाने त्यांचे बरोबर होते. मक्ता म्हणजे कागदावर दिलेला हक्क. ज्याच्याकडे असा कागद होता त्या गरिबाला आमच्या शब्दाने बरोबर हेरले होते, आणि कागदाशिवाय ज्याने घाट मुठीत घेतला, त्याला तोच शब्द आडोशाला घेत होता. बाहेर आलो तर सखाराम म्हणाला, "काय म्हनलं सायेब?"

"म्हणाले, बाबूराव मक्तेदार नाहीत."

"मग कोन हाय त्यो?"

अशा माणसाला माझ्याकडे शब्द नव्हता.

संध्याकाळी प्रोफेसरांच्या अंगणात मी हे सगळे सांगितले. ते येरझारा घालू लागले. मग म्हणाले, "आपण कागद मोडला. ताकद मोडायला हवी होती. सखारामाला निदान चार अटी होत्या, नदाफ. टपाल, सुईण, गावचं जाणंयेणं, ठरलेला दर. बाबूरावांना एकही नाही. अट नसलेली सत्ता, हेच तर मी इतकी वर्षं लिहितोय, आणि माझ्या डोळ्यांसमोर अट असलेला माणूस हाकलला गेला तेव्हा मी नावेतून फिरत होतो."

"मग आता मक्ता परत मागायचा?"

"मागायचा. पण लिलाव उलटा करायला सांगा. दरबारला जास्त पैसे कोण देतो असं विचारायचं नाही. लोकांना कमी दरात कोण नेतो असं विचारायचं. आणि एक अट जास्त: जी गाडी आधी आली ती आधी जाईल. ही अट घाला, आणि मग बघा बाबूराव बोली लावतात का."

अर्ज मी लिहिला. माझ्या हातून जेवढे मराठी लिहून झाले त्यात तो अर्ज मला आजही सर्वांत चांगला वाटतो. त्यात मक्तेदारी हा शब्द एकदाही नव्हता. काठावर गाड्या का थांबतात आणि गुळाला पाणी का सुटते, एवढेच होते. सही मात्र गावाची हवी होती. अण्णा पाटलांनी तो दोनदा वाचून घेतला.

"म्हंजे सख्याच परत?" ते म्हणाले.

"जो कमी दरात नेईल तो."

पाटलांची स्वतःची गाडी तीन दिवस काठावर उभी होती. त्यांनी सही केली आणि पुटपुटले, "सासूला आता कुठं जायाचंबी न्हाय म्हना."

मामलेदारांनी अर्ज मान्य केला, याबद्दल मी त्यांचा आजही ऋणी आहे. दिलेला हुकूम फिरवायला अधिकाऱ्याला मन मोठे लागते. लिलाव घाटावरच झाला. साहेब एका खाटेवर बसले, शेजारी कारकून. पलीकडे बाबूराव, त्यांचा नावाडी, सगळा गाव, आणि माणसांपासून जरा बाजूला, पालथ्या नावेला टेकून सखाराम. प्रोफेसर आणि मी मागे उभे होतो.

कारकुनाने अटी वाचल्या. आधी आलेली गाडी आधी, हे वाचल्यावर बाबूरावांनी मान वर केली. बोली सुरू झाली. बाबूरावांच्या नावाड्याने चालू दरापेक्षा थोडे कमी सांगितले. सखाराम आणखी उतरला. असे होत होत बोली सखारामाच्या जुन्या दरावर येऊन ठेपली. नावाड्याने मालकाकडे पाहिले, आणि त्याहूनही कमी बोलला.

सखाराम गप्प झाला.

"बोल की सख्या," कुणीतरी ओरडले.

"काय बोलू? बापाचा दर हाय ह्यो. ह्याच्या खाली गेलो तर खाऊ काय, वाळू?"

कारकुनाने एकदा पुकारले. मी प्रोफेसरांकडे पाहिले. ते जमिनीकडे पाहत होते. कारकुनाने दुसऱ्यांदा पुकारले. तेव्हा अण्णा पाटील पुढे झाले.

"उतर खाली. गावचं बलुतं चालू करतो. सुगीला घरटी धान्य, पैल्यासारखं."

"आत्ता म्हनतासा. सुगीला इसरशीला."

"सायबांच्या म्होरं बोलतोय न्हवं? लिवून घ्या सायेब, बलुतं गाव देनार."

सखारामाने नदीकडे पाहिले आणि एक आकडा सांगितला, इतका कमी की लोकांत कुजबुज झाली. नावाडी पुन्हा मालकाकडे वळला. बाबूराव उठले, उपरणे झटकले आणि हसून म्हणाले, "घ्या बाबा. ओळीनं गाड्या न्यायच्या तर मला नाव काय करायची?" ते निघून गेले. प्रोफेसरांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला.

कारकून लिहू लागला आणि रिवाजाप्रमाणे लिहिलेले मोठ्याने वाचू लागला, "सदर घाटाचे मक्तेदार सखाराम..."

"ते न्हाय," सखाराम म्हणाला.

"काय नाही?"

"ते मक्तेदार. ते काढा."

"अरे, मक्ता घेतोस ना? मग मक्तेदारच लिहिणार."

"माझा बा मक्तेदार हुता तवा लोक हात जोडत हुते. आता ती शिवी झालीया. तालमीत माझ्या पोराला पोरं म्हनत्यात, मक्तेदाराचं पोर. न्हाय पायजे. काढा ते."

कारकुनाने साहेबांकडे पाहिले. साहेबांनी आमच्याकडे पाहिले, निदान मला तसे वाटले. पिढ्यान्‌पिढ्या अब्रूने वापरलेला एक शब्द आम्ही दोघांनी उचलून छापला होता. आज तो सगळ्या वर्तमानपत्रांत आमच्याच अर्थाने येतो. तो दिसला की मला अभिमान वाटतो, आणि थोडे वाईटही वाटते.

"मग काय लिहू?" कारकून वैतागून म्हणाला.

"नावाडी लिवा," सखाराम म्हणाला. "मी नाव चालवतो."

साहेबांनी मान हलवली. कारकुनाने लिहिलेले खोडले, वर नवा शब्द घातला आणि शाईची डबी पुढे केली. सखारामाने अंगठा उठवला, धोतराला पुसला, आणि आपल्या पालथ्या नावेकडे जाऊन गर्दीला ओरडून म्हणाला, "आता बगत काय हुबं ऱ्हायलासा? हात लावा की! ही काय माझ्या एकट्यानं उलथायची हाय?"

अण्णा पाटील सदऱ्याच्या बाह्या वर सारत पुढे झाले. प्रोफेसरांनी चपला काढून वाळूत ठेवल्या. मीही गेलो. नाव फार जड होती.